भंगारात गेलेला टीव्ही गेम

"आजी, बाबा लहान असताना कुठला गेम खेळायचा गं?"

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत नातीने हा प्रश्न विचारला, तेव्हा मी चकलीचा सोऱ्या धूत होते. नात बारा वर्षांची, हातात कायम मोबाईल. प्रश्न अगदी साधा. पण माझा हात तसाच थांबला. कारण तो गेम कुठला होता ते मला माहीत होतं, आणि तो कुठे गेला तेही. मीच दिला होता भंगारवाल्याला.

मंडळी, मी बत्तीस वर्षं शाळेत इतिहास शिकवला. आठवी-नववीच्या वर्गात साधनांचा धडा आला की माझा आवाज चढायचा. वाड्यांमधली जुनी दप्तरं बंबात कशी गेली, मोडी कागदांत वाण्यांनी हळदीच्या पुड्या कशा बांधल्या, हे मी तावातावाने सांगायची. मुलं हळहळायची. ती हळहळ खरी असायची की बाईंना बरं वाटावं म्हणून, ते सोडा. सांगायचं एवढंच, की असं शिकवणारी बाई स्वतःच्या घरातलं दप्तर मात्र भंगारवाल्याच्या काट्यावर ठेवून मोकळी झाली.

झालं ते असं. १९९४ साली यांनी पुण्याहून, पासोड्या विठोबाजवळच्या इलेक्ट्रॉनिक्सच्या बाजारातून, मुलासाठी एक टीव्ही गेम आणला. आम्ही तेव्हा साताऱ्याला होतो. मुलगा दहा वर्षांचा. पांढरं-लाल खोकं, वायरने जोडलेले दोन रिमोट, एक प्लॅस्टिकचं पिस्तूल आणि पिवळी कॅसेट. कॅसेटवर छापलेलं होतं "९९९९९९९ इन १". मी गणिताची नसले तरी एवढे गेम एका डबीत मावणार नाहीत हे मलाही कळत होतं. आत मोजून पाच-सहा गेम, तेच नावं बदलून पुन्हा पुन्हा. पण त्यात तो मिशीवाला प्लंबर होता, रणगाडे होते, बदकं होती आणि दोन बंदूकवाले शिपाई होते. मे महिन्याच्या दुपारी गल्लीतली सात-आठ पोरं आमच्या फरशीवर बसलेली असायची. कॅसेट चालली नाही की एकजण ती काढून तोंडाने फुंकर मारायचा, परत लावायचा, आणि ती चालायचीसुद्धा! (पुढे वाचलं की फुंकर मारू नका असं खुद्द निन्टेन्डोचं सांगणं होतं. तोंडातल्या ओलाव्याने पिना गंजतात. कॅसेट चालायची ती काढून पुन्हा घातल्यामुळे. मंत्राने ताप उतरतो तसंच ते.)

एकदा हा मुलगा झोपेत पुटपुटत होता, "वर वर, खाली खाली, डावा उजवा, डावा उजवा..." मला वाटलं पीटीची कवायत चालली आहे. तो त्या शिपायांच्या गेममधला तीस जीव मिळवायचा मंत्र होता, हे मला गेल्या वर्षी कळलं. काझुहिसा हाशिमोतो नावाच्या कोनामी कंपनीतल्या माणसाने १९८६ च्या सुमारास 'ग्रेडियस' हा गेम फॅमिकॉमवर आणताना, तो स्वतःलाच फार अवघड जायचा म्हणून, तपासणीच्या सोयीसाठी ही बटणांची साखळी आत घातली आणि ती तशीच राहून गेली. पुढे ती 'कॉन्ट्रा'त आली. हाशिमोतो २०२० साली वारला. त्याच्या सोयीची ओळ साताऱ्यातल्या एका पोराच्या झोपेत पोचली होती, हे त्याला कोण सांगणार!

असो. जून १९९९ मध्ये दहावीचं वर्ष सुरू झालं आणि मी खोकं उचलून ट्रंकेत घातलं. ट्रंक माळ्यावर. "परीक्षा झाली की मिळेल," असं मीच म्हणाले होते. मे २००० मध्ये आम्ही घर बदललं. आवराआवरीत जुन्या उत्तरपत्रिका, रद्दी, फुटका स्टोव्ह यांच्याबरोबर ट्रंकेतलं सगळं गेलं. निकालानंतर मुलाने विचारलं, "आई, ट्रंकेतला गेम?" मी म्हणाले, "गेला तो भंगारात, आता काय करायचाय?" तो "बरं" म्हणाला. त्यानंतर पंचवीस वर्षांत हा विषय आमच्या घरात निघाला नाही.

आणि आता ही पोरगी विचारत होती. मी सांगितलं, मारिओ खेळायचा. ती म्हणाली, "मग मोबाईलवर लावू की! एम्युलेटर असतो त्याला."

आता हा एम्युलेटर म्हणजे काय? लहानपणी आमच्याकडे बहुरूपी यायचा. पोलिसाचा खाकी वेश, हातात दंडुका, "चला, वॉरंट आहे तुमच्या नावाचं!" घरातलं एखादं साधं माणूस खरंच घाबरायचं. एम्युलेटर हा तसा बहुरूपी आहे. मोबाईलमधला हा प्रोग्राम जुन्या यंत्राचं सोंग घेतो, आणि ते इतकं वठवतो की कॅसेटमधल्या गेमला वाटतं आपण १९८३ च्या जपानी खोक्यातच आहोत. गेम विचारतो, "डावं बटण दाबलंय का?" आणि बहुरूपी खोक्याच्या आवाजात उत्तर देतो.

ही युक्ती गेमवाल्यांची नाही बरं का. आयबीएमने एप्रिल १९६४ मध्ये सिस्टिम/३६० ही संगणकांची नवी मालिका जाहीर केली, तेव्हा गिऱ्हाइकांची अडचण अशी की त्यांचे पगारपत्रकांचे, हिशेबांचे प्रोग्राम जुन्या १४०१ यंत्रासाठी लिहिलेले. नवं यंत्र घेतलं तर ते सगळं परत लिहायचं? मग आयबीएमने नव्या यंत्रालाच जुन्याचं सोंग घ्यायला शिकवलं. एम्युलेटर हा शब्द संगणकाच्या दुनियेत रुळला तो तिथे. म्हणजे मूळ कारण करमणूक नव्हे, जुन्या वह्या फेकाव्या लागू नयेत हे.

ज्या खोक्याचं सोंग आम्हाला घ्यायचं होतं ते निन्टेन्डोचं फॅमिकॉम. निन्टेन्डो ही क्योतोमधली कंपनी १८८९ साली फुसाजिरो यामाउचीने काढली, ती हानाफुदा नावाचे जपानी पत्ते बनवायला. (आपल्याकडे टिळकांना 'केसरी' काढून तेव्हा आठ वर्षं झाली होती. असा मेळ घातल्याशिवाय मला साल लक्षात राहत नाही, सवय.) फॅमिकॉम १५ जुलै १९८३ ला जपानात आलं, किंमत १४,८०० येन. मासायुकी उएमुरा या अभियंत्याने त्याची रचना केली. मेंदू म्हणजे ६५०२ या अमेरिकी चिपची रिको कंपनीने बनवलेली आवृत्ती, वेग सेकंदाला सुमारे १७ लाख ९० हजार ठोके, आणि कामाची स्मरणशक्ती फक्त दोन किलोबाइट. दोन किलोबाइट म्हणजे मराठीतलं जेमतेम अर्धं पान. पडद्यावर २५६ गुणिले २४० ठिपके. एवढ्या भांडवलावर त्यांनी सहा कोटी एकोणीस लाख यंत्रं विकली.

आणि ती कोणत्या काळात? १९८३ मध्ये अमेरिकेत व्हिडिओ गेमचा धंदा झोपला होता. दुकानांत इतका टाकाऊ माल साठला की अटारी कंपनीने न खपलेल्या कॅसेटी न्यू मेक्सिकोतल्या अलामोगोर्डो गावाच्या कचरा डेपोत नेऊन पुरल्या. ही दंतकथा आहे असं पुष्कळांना वाटायचं. एप्रिल २०१४ मध्ये तिथे चक्क उत्खनन झालं आणि कॅसेटी निघाल्या! हे वाचून मी जरा सावरले. म्हटलं, भंगारात देणारी मी एकटी नाही.

आमच्या साताऱ्याच्या घरात मात्र खरं फॅमिकॉम कधी आलंच नव्हतं. ती होती नक्कल. तैवानमध्ये फॅमिकॉमच्या चिपांच्या हुबेहूब प्रती निघाल्या आणि त्यांच्यावर बेतलेली यंत्रं निम्म्या जगात गेली. रशियात १९९२ पासून हीच नक्कल 'डेंडी' नावाने विकली गेली, डब्यावर छोटा हत्ती. सोव्हिएत संघ मोडल्यानंतरच्या त्या ओढगस्तीच्या दिवसांत तिथल्या मुलांना निन्टेन्डो हे नाव ठाऊक नव्हतं, डेंडी ठाऊक होतं. आपल्याकडे निराळी नावं, निराळे डबे, आत तेच. म्हणजे साताऱ्यातली पोरं आणि मॉस्कोतली पोरं एकाच वेळी त्याच पुलावरून उड्या मारत होती, आणि दोघांच्याही कॅसेटी चोरीच्या. आम्हाला तेव्हा हे चोरीचं आहे असं वाटलंही नाही. दुकानात मिळतंय, पावती मिळतेय, म्हणजे खरंच असणार.

ही चोरीची गोष्ट मधेच आली कारण नातीने दुसऱ्या दिवशी सकाळी मला एक पान दाखवलं. "आजी, इथे हजारो गेम फुकट आहेत, डाउनलोड करू?" मी नको म्हटलं. ती म्हणाली, "एम्युलेटर लीगल आहे गं!" आता यात दोन गोष्टी आहेत आणि त्यांची गल्लत सगळेच करतात. बहुरूप्याचं सोंग वेगळं आणि त्याच्या झोळीत कोणाची भांडी आहेत ते वेगळं.

सोंगाबद्दलचा मोठा खटला सोनीचा. १९९९ मध्ये कनेक्टिक्स या कंपनीने मॅकिंटॉश संगणकावर प्लेस्टेशनचे गेम चालवणारा एम्युलेटर विकायला काढला. सोनी कोर्टात गेली. २००० साली अमेरिकेच्या अपील कोर्टाने निकाल दिला की दुसऱ्याचं यंत्र कसं चालतं ते उलगडून पाहणं, त्यासाठी मधल्या टप्प्यावर प्रत करावी लागली तरी, हा न्याय्य वापर आहे. सोनी खटल्यात मागे पडली. पुढे २००१ मध्ये तिने तो एम्युलेटरच विकत घेतला आणि बंद करून टाकला! कोर्टात जमलं नाही ते चेकबुकाने. आणि उलट बाजूही सांगायला हवी. २०२४ मध्ये निन्टेन्डोने 'युझू' या एम्युलेटरच्या कर्त्यांवर खटला भरला. त्यांचं सोंग चालू पिढीतल्या, दुकानात मिळणाऱ्या स्विच या यंत्राचं होतं, आणि कुलूप तोडल्याचा आरोप होता. ते काही दिवसांतच २४ लाख डॉलर द्यायचं कबूल करून मोकळे झाले. अॅपलने तर आयफोनच्या दुकानात असे एम्युलेटर एप्रिल २०२४ पर्यंत येऊच दिले नव्हते. दार उघडल्यावर त्याच महिन्यात 'डेल्टा' आला. अँड्रॉइडवर मात्र ते खूप आधीपासून आहेत.

गेमची गोष्ट वेगळी. गेम हे कुणीतरी लिहिलेलं पुस्तकच. 'सुपर मारिओ ब्रदर्स' १३ सप्टेंबर १९८५ चा, शिगेरू मियामोतो आणि ताकाशी तेझुका यांचा, संगीत कोजी कोंदोचं. हक्क अजून निन्टेन्डोकडे आहे आणि ती तो सोडणार नाही. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलम ५२ आहे. संगणक प्रोग्रामची प्रत ज्याच्याकडे रीतसर आहे त्याने ती खराब होईल म्हणून बचावापुरती राखीव प्रत करून ठेवावी, एवढी मुभा ते देतं. मी काही वकील नाही. पण जाळ्यावरून हजार गेम उतरवणं या मुभेत बसत नाही एवढं मराठी माध्यमाच्या बी.ए.लाही वाचता येतं. आणि आमची ९९९९९९९ वाली कॅसेट माळ्यावर सुखरूप असती, तरी ती मुळातच चोरीची. तिची राखीव प्रत ती कसली!

मात्र निन्टेन्डोवाल्यांचं सगळं मला पटत नाही. फॅमिकॉमचं उत्पादन २००३ मध्ये थांबलं, दुरुस्ती २००७ मध्ये. २०२३ साली अमेरिकेत व्हिडिओ गेमच्या इतिहासावर काम करणाऱ्या एका संस्थेने पाहणी केली, तेव्हा तिथे प्रसिद्ध झालेल्या जुन्या गेमपैकी ८७ टक्के आज कुठेही रीतसर विकत मिळत नाहीत असं निघालं. यंत्रं मोडणार, कॅसेटमधल्या सेव्हच्या बॅटऱ्या संपणार. मालक विकत नाही, दुसऱ्याने प्रत केली की चोर. मग हे जपायचं कुणी? आपल्याकडे पोथ्या टिकल्या त्या मूळ ताडपत्र टिकलं म्हणून नव्हे, दर शे-दीडशे वर्षांनी कुणीतरी नक्कल करत बसला म्हणून. आणि निन्टेन्डोने स्वतः २०१६ मध्ये तीस गेम भरलेलं छोटं खोकं बाजारात आणलं, ते आतून काय होतं? साधी मोबाईलसारखी चिप आणि तिच्यावर एम्युलेटर! त्यांनी घेतलेलं सोंग ते सोंग नव्हे, असं काहीसं.

हे सगळं मी त्या रात्री जेवताना बडबडत होते. मुलगा ऐकत होता. जेवण झाल्यावर तो उठून आत गेला, कपाट उघडल्याचा आवाज आला, आणि एक छोटी प्लॅस्टिकची डबी आणून त्याने टेबलावर ठेवली. आत पिवळी कॅसेट, जपानी अक्षरं, मारिओचं चित्र.

"कधी घेतलीस?"

"२०१२. ओसाकाला होतो ना प्रोजेक्टवर. निप्पोनबाशीत जुन्या गेमची दुकानं आहेत."

"आणि मशीन?"

"मशीन नाही घेतलं."

इतकी वर्षं ती डबी माझ्या इस्त्रीच्या साड्यांच्या वरच्या कप्प्यात होती. मी काही बोलले नाही. त्यानेही माझ्याकडे पाहिलं नाही, नातीला पिना दाखवू लागला. "या साठ असतात बघ."

त्याच्या ऑफिसातल्या एका मित्राकडे कॅसेट वाचायचं यंत्र होतं, तळहाताएवढं, एका बाजूला कॅसेटची खाच आणि दुसऱ्या बाजूला संगणकाची वायर. ते दोन दिवसांसाठी आलं. बाप-लेकीने रात्री बसून कॅसेट वाचली. मला वाटलं तासभर लागेल, पण मिनिटभरात काम झालं. तयार झालेल्या फाईलचा आकार ४०,९७६ बाइट. सकाळी व्हॉट्सअॅपवर सुप्रभातचं गुलाबाचं जे चित्र येतं ना, ते बहुधा याच्या दुप्पट-तिप्पट असतं. त्या चित्राच्या अर्ध्या जागेत बत्तीस पातळ्या, राक्षस, पाण्यातला प्रवास, संगीत, सगळं. काटकसर कशी, तर आकाशातले ढग आणि जमिनीवरची झुडपं हे एकच चित्र आहे, फक्त रंग वेगळा. नातीला दाखवलं तेव्हा ती "अय्या" म्हणाली.

त्या ४०,९७६ बाइटांचा हिशेब मला फार आवडला. ३२,७६८ बाइट गेमची आज्ञावली, ८,१९२ बाइट चित्रं, बेरीज ४०,९६०. मग वरचे सोळा कुठले? ते निन्टेन्डोचे नाहीतच. १९९६ मध्ये मारात फैझुलिन याने 'आयनेस' नावाचा एम्युलेटर लिहिला, तेव्हा कॅसेट आतून कशी जोडलेली आहे हे प्रोग्रामला कळावं म्हणून त्याने प्रत्येक फाईलच्या आरंभी सोळा बाइटांची टिपण जोडायची पद्धत पाडली. तीच आजही चालते. पोथीची नक्कल करणारा शेवटी चार ओळी स्वतःच्या लिहितो ना, तशी ही नक्कलकाराची खूण, फक्त आरंभी.

या सोळा बाइटांवरून एक मजेदार वादही झाला. २०१६ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या गेम डेव्हलपर्स कॉन्फरन्समध्ये फ्रँक सिफाल्डी या अभ्यासकाने दाखवलं की निन्टेन्डोने आपल्या वी या यंत्रावर जो मारिओ पैसे घेऊन विकला, त्या फाईलमध्येही हीच टिपण आहे. लोक म्हणाले, बघा, ज्यांना चोर म्हणता त्यांचीच प्रत उचलली! मला वर्ग आठवला. त्या पद्धतीने कुणीही, अगदी निन्टेन्डोनेसुद्धा, स्वतःची कॅसेट वाचली तरी टिपण तीच लागणार. आमच्या फाईललाही लागली. साधन एक, अर्थ दोन निघतात, आणि आपल्याला हवा तो आधी दिसतो.

आता मोबाईलवर लावणं. आयनेसनंतर १९९७ मध्ये 'नेसटिकल' आला आणि त्या काळच्या सामान्य संगणकावर फॅमिकॉम पुऱ्या वेगाने पळू लागलं. हल्ली 'रेट्रोआर्क' म्हणून एक फुकटचं आणि खुलं ॲप आहे, ते आम्ही घेतलं. हे नुसतं घर आहे. प्रत्येक जुन्या यंत्राचं सोंग घेणारा वेगळा बहुरूपी असतो, त्याला ते 'कोअर' म्हणतात, तो आधी घरात आणावा लागतो. आम्ही पहिल्यांदा चुकून सेगा या दुसऱ्याच कंपनीच्या यंत्राचा कोअर लावला आणि काळा पडदा बघत बसलो. मी म्हटलं फाईल बिघडली, नात म्हणाली फोन बिघडला. नंतर यादी नीट वाचली, फॅमिकॉमचा कोअर उतरवला, फाईल कुठल्या फोल्डरमध्ये आहे ते दाखवलं, आणि ते ओळखीचं निळं आकाश उघडलं. एवढ्यासाठी फोन मूळ खोक्यापेक्षा हजारपटीने वेगवान लागतो का, असं तुम्हाला वाटेल. हजारपट लागत नाही, पण बराच लागतो. कारण मेंदूच्या एका ठोक्याला चित्राची चिप तीन ठिपके पुढे जायची, आवाज वेगळा चालायचा. ती सगळी एकाच वेळी चालणारी पात्रं एकट्या बहुरूप्याला क्रमाक्रमाने, पण कुणाला कळणार नाही अशी वठवावी लागतात.

चार दिवस आम्ही दोघी खेळलो. मी पहिल्या खड्ड्यापुढे गेले नाही. काचेवर उमटलेल्या बटणांना स्पर्शच नाही, बोट सरकतं आणि कळत नाही. फुलीच्या आकाराचं ते बटण गुनपेई योकोई या निन्टेन्डोच्या माणसाने १९८२ मध्ये आणलं, ते बोटाने चाचपडून, न बघता दाबता यावं म्हणूनच. शेवटी ब्लूटूथचा रिमोट जोडला. बदकं मारायचा गेम आमच्याकडे नाही, आणि असता तरी ते पिस्तूल आता चाललं नसतं. चाप ओढला की पडदा क्षणभर काळा व्हायचा, मग बदकाच्या जागी पांढरा चौकोन यायचा, आणि पिस्तुलातला डोळा तो उजेड टिपायचा. हे सगळं जुन्या काचेच्या टीव्हीच्या ठोक्यावर बेतलेलं. टीव्ही गेला आणि पिस्तूल आंधळं झालं.

पाचव्या दिवशी संध्याकाळी मुलगा लवकर आला. नातीने फोन टीव्हीला जोडून ठेवला होता. रिमोट त्याच्या हातात दिला. तो बूट न काढताच सोफ्याच्या कडेला बसला. पहिली पातळी त्याने न थांबता संपवली. कुठल्या विटेत काय आहे, कुठल्या नळातून खाली जायचं, सगळं बोटांना पाठ. पण चेहऱ्यावर आठी होती. दुसऱ्या पातळीत, जमिनीखाली, तो थांबला.

"काहीतरी वेगळं आहे."

"काय?" मी विचारलं.

"पळतंय हे. गाणंपण. वेळ शंभरच्या खाली गेला की गाणं घाई करतं ना, तसं सुरुवातीपासूनच वाटतंय."

नात म्हणाली, "बाबा, तू म्हातारा झालास." तो हसला, पण मला राहवेना. माझा मुलगा दहा-बारा वर्षांचा असताना त्याने हे गाणं शेकडो दुपारी ऐकलं होतं आणि स्वयंपाकघरातून मीही. मला गाण्यातलं कळत नाही, पण मलाही ते थोडं उतावीळ वाटत होतं. म्हणून मी रात्री वाचत बसले. कारण सापडलं. जपानचा टीव्ही सेकंदाला साठ चित्रं दाखवायचा. आपल्याकडे १९८२ च्या एशियाडच्या वेळी रंगीत टीव्ही आला तो पाल पद्धतीचा, पन्नास चित्रांचा. तैवानच्या नकलाकारांनी अशा देशांसाठी चिपा पन्नासवर बेतल्या. मारिओचा गेम आपली पावलं चित्रांवर मोजतो. साठच्या जागी पन्नास मिळाली की सगळंच एक षष्ठांशाने हळू. प्लंबर हळू, राक्षस हळू, गाणं हळू. आमचं यंत्र कुठल्या चिपेवर चालायचं त्याचा पुरावा भंगारवाल्याच्या काट्यावर गेला. त्याच्या कानात तेवढा राहिला होता.

दुसऱ्या दिवशी नातीने कोअरच्या पर्यायांमध्ये शोधलं. तिथे प्रदेश निवडायची एक ओळ असते. आपोआप, मग अमेरिका-जपानची पद्धत, मग युरोपची पाल, आणि शेवटी, मी चष्मा लावून दोनदा वाचलं, 'डेंडी'. रशियातल्या त्या हत्तीवाल्या नकलेचं नाव. ज्यांनी हा बहुरूपी घडवला त्यांनी नकलेचंसुद्धा सोंग घ्यायची सोय ठेवली होती, कारण जगातल्या लाखो मुलांची आठवण नकलेचीच आहे.

आम्ही डेंडी निवडलं.

संध्याकाळी त्याला काही सांगितलं नाही, नुसता रिमोट दिला. पहिले चार सूर वाजले आणि त्याचा अंगठा बटणावर तसाच राहिला. मग म्हणाला, "हां. आता बरोबर."

खेळू लागला. तिसरी, चौथी. लाव्ह्याचा किल्ला. पोळ्या झाल्या होत्या, आमटी उकळून गार होत आली होती. पूर्वी अशा वेळी मी येऊन टीव्हीचं बटणच बंद करत असे. मी दारात उभी राहिले. त्याने पडद्यावरची नजर न काढता म्हटलं, "आई, पाच मिनिटं."

"खेळ रे," मी म्हटलं. "पण हिलापण दे जरा."